हळदीच्या रानातली टॉर्टिया

हिंगोलीला हौसेनं कोण जातं, असं मला पुण्यात चार जणांनी विचारलं. त्या चौघांपैकी एकानंही हिंगोली पाहिलेली नव्हती. मी जाऊन आलो, पाच दिवस राहिलो, आणि परतल्यापासून भेटेल त्याला रस्त्यात थांबवून तिथलं सांगत सुटलो आहे. आता एकदाच सगळं लिहून काढतो, म्हणजे मित्रांची तरी सुटका होईल.

जाण्याचं कारण भांडण. आमच्या घरात गोष्टींच्या पुस्तकांआधी चळवळीची पत्रकं यायची, त्यामुळे काही खुपलं की लिहिल्याशिवाय मला राहवत नाही. एका मासिकात मी पुण्यातल्या एका महागड्या मेक्सिकन हॉटेलवर लेख लिहिला होता. तिथे नऊ लहान बशा एकामागून एक येतात आणि प्रत्येक बशीबरोबर वाढपी गोष्ट सांगतो. मी लिहिलं, की तिकडच्या गरिबांची मक्याची भाकरी इकडच्या श्रीमंतांना चिमट्यानं वाढण्याचा हा उद्योग आहे. आठवडाभरात फोन आला.

"मी त्याच हॉटेलातली शेफ, वैशाली. तुमचा लेख अर्धा बरोबर आहे. राहिलेला अर्धा चुकलाय. तो बघायचा असेल तर माझ्याबरोबर गावी चला."

"गाव कुठलं?"

"गोरेगाव."

"म्हणजे मुंबईत?"

"न्हाई हो," ती हसली. "आमचं. हिंगोली जिल्ह्यातलं."

प्रवासात तिची सगळी हकिगत समजली. वडील हिंगोलीत कारकून, शेत काका-काकूंकडे. हॉटेलचं शिक्षण घेऊन ती आधी मोठ्या हॉटेलात कांदे सोलायला लागली, मग दोन वर्षं जहाजावरच्या स्वयंपाकघरात होती. साठवलेल्या सुट्ट्या आणि पगार घेऊन ती मेक्सिकोतल्या वाहाका प्रांतात गेली आणि एका म्हातारीच्या चुलीपाशी आठ महिने राहिली. पुण्यात आल्यावर पाच वर्षं दुसऱ्याच्या हाताखाली. आता तिचे मालक मुंबईत नवं हॉटेल काढत होते आणि तिथली मुख्य शेफ ती असणार होती. अडलं होतं एकाच गोष्टीवर. टॉर्टिया, म्हणजे मक्याची पातळ भाकरी, हा त्या जेवणाचा कणा. मालकांचं म्हणणं, तयार पीठ मेक्सिकोहून पोत्यांनी मागवू. वैशालीताईचं म्हणणं, मका माझ्या गावचा. चौथ्या दिवशी मालक स्वतः गोरेगावला येऊन खाणार होते आणि तिथेच काय ते ठरणार होतं.

"आणि पोतीच आली तर?" मी विचारलं.

"तर मी ते स्वयंपाकघर घेणार नाही. पीठ मळायला शेफ कशाला लागतो?"

इथे मी मनातल्या मनात तिच्या बाजूला गेलो. लेखाचं पुढे बघू.

पहिला दिवस : गोरेगाव

सेनगावहून जीपनं गोरेगावात उतरलो आणि आधी वास आला. ओल्या मातीचा, कापराचा आणि उकडलेल्या रताळ्याचा एकत्र म्हणता येईल असा. काकूच्या रानात हळद शिजत होती. लोखंडी पिंपांतून वाफेचे लोट निघत होते, शिजलेली हळद ताडपत्रीवर ओतली जात होती आणि तिथल्या प्रत्येक माणसाचे हातपाय पिवळे होते. आयुष्यभर मी हळद फक्त पुडीत पाहिली. ती जमिनीतून अशी ढेकळांसकट निघते आणि माणसाएवढ्या पिंपात शिजते, हे बघून मी ओरडायचाच बाकी होतो.

सुमनकाकू साठीच्या. पदर खोचलेला, आवाज रानाच्या दुसऱ्या टोकाला जाणारा.

"आलीस का बाई? अन् हे कोण? लग्नबिग्न करून आलीस का काय?"

"काकू, लेखक हायेत ते."

"बरं. अन् काम काय करतेत?"

उत्तराची वाट न बघता काकूनं माझ्या हातात पाण्याचा तांब्या दिला.

या भागात हळदीच्या सरींवर मधूनमधून मका लावतात. हळदीला सावली मिळते आणि वर कणसंही येतात. सगळ्यांच्या रानात पिवळा संकरित मका, तो कोंबड्यांच्या खाद्याला जातो. काकूनं मात्र सासूकडून आलेला पांढरा गावरान मका मोडू दिला नव्हता. त्याची कणसं पानांची वेणी घालून आढ्याला टांगलेली होती, मोत्यांच्या माळा टांगाव्या तशी. वैशालीताईनं एक दाणा दातानं फोडला, डोळे मिटून चावला आणि म्हणाली, "हाच."

जेवायला ज्वारीची भाकरी, ठेचा आणि येसराची आमटी. येसर म्हणजे धान्यं-डाळी आणि मसाले खमंग भाजून दळलेलं पीठ. इकडे लग्नाच्या पंगतीत त्याची आमटी हवीच. मी तिसरी वाटी मागितली तेव्हा वैशालीताई म्हणाली, "मेक्सिकोत लग्नाला मोले करतात. मिरच्या, तीळ, दाणे, सगळं काळपट होईस्तोवर भाजायचं, वाटायचं, पातळ करायचं. मी तिथं पहिल्यांदा चाखला तेव्हा मला रडू आलं. म्हातारीला वाटलं तिखट लागलं."

मग तिनं सांगितलं, की तिकडे मक्याच्या कणसावर काणी पडली, काळी बुरशी धरली, की ते कणीस जास्त दरानं विकलं जातं. तव्यावर परतून खातात.

काकूचा घास हातातच राहिला. "काणी? आमी बांधाच्या पल्याड फेकून देतो ती? अन् लोकं ताटात घेऊन बसतेत?"

"आवडीनं."

"अगं, मंग काहून गेली होतीस इतक्या लांब? मी टोपलंभर दिली असती."

दुसरा दिवस : जवळा बाजार

टॉर्टियाचा मका चुन्याच्या पाण्यात शिजवून, रात्रभर भिजवून, ओलाच वाटावा लागतो. तिकडे त्यासाठी दगडाचा उतरता पाटा असतो. काकूच्या घरातही पाटा-वरवंटा होता, पण मिक्सर आल्यापासून तो न्हाणीघराजवळ पडून होता आणि काचेसारखा गुळगुळीत झाला होता. त्याला टाकी लावून घ्यायला हवी होती, म्हणजे छिन्नीनं ठोकून पुन्हा खरबरीत करायला हवं होतं. टाकी लावणारी बाई आता फक्त जवळा बाजारच्या आठवडी बाजारात बसते, असं समजलं. म्हणून पाटा पोत्यात घालून आम्ही तिघं एसटीत चढलो.

कंडक्टरनं पोत्याला पाय लावून पाहिला. "ह्ये काय हाय?"

"पाटा," काकू म्हणाली.

"तिकीट लागंल त्याचं."

"काहून? सीटवर बसून राहिला का त्यो?"

"मावशी, वजन हाय ना."

"मंग अर्धं लाव. बाईमाणसाचं अर्धं असतंय ना? पाट्यावर कोण्या गड्यानं कधी काही वाटलेलं पाहिलं का तू?"

अख्खी गाडी हसली. कंडक्टरही हसला आणि पुढे गेला. महाराष्ट्रातल्या निम्म्या स्वयंपाकघरांबद्दल मी पानंच्या पानं खरडली असती, ते काकूनं एका वाक्यात उरकलं.

टाकीवाली बाई एका फाटक्या छत्रीखाली बसली होती. तिनं पाट्यावरून तळवा फिरवला. "लई वर्सं टाकला न्हाई."

"मिक्सर आला तवापसून."

"सगळे हेच सांगतेत. काय वाटायचंय?"

"ओला मका."

तिनं मान वर केली. "मका? ओला? मसाला न्हाई का?" मग तिनं जरा विचार केला आणि छिन्नी बदलली. "मंग खोल मारावी लागंल. मसाल्याची टाकी बारीक असते." तासभर दगडाच्या कपच्या उडत होत्या. शेवटी ती एक ओळ पुन्हा ठोकू लागली. बस झालं, असं मी म्हटलं, तर म्हणाली, "तुमाला दिसत न्हाई, पर मक्याला समजंल." मी टोपी घालत असतो तर तिथेच काढली असती.

काकू चुनकळी, म्हणजे चुन्याचे खडे, घ्यायला गेली. मी एका धान्याच्या आडतीसमोर उभा राहून पांढऱ्या मक्याला गिऱ्हाईक आहे का विचारलं. आडत्या म्हणाला, "पांढऱ्याला कोंबड्या बी तोंड लावत न्हाईत. पिवळा खाल्ला तर अंड्याचा बलक पिवळा होतो, साहेब. पांढरा कोण घेईल?"

माझं डोकं फिरलं. माणसांनी काय पेरायचं ते आता कोंबड्या ठरवणार का, इथून सुरुवात करून मी बियाणं, बाजार, गावाचं ताट असा कुठे कुठे पोचलो. पंधरा-वीस माणसं जमली. मी श्वास घ्यायला थांबलो तेव्हा मागून एकानं आदबीनं विचारलं, "साहेब, कोणत्या पार्टीकडून?"

वैशालीताईनं माझी बाही धरून मला तिथून बाहेर काढलं.

संध्याकाळी तिनं चुनकळी पाण्यात विरवली, वरचं नितळ पाणी घेतलं, त्यात मका शिजवला. साल सुटायला लागली तसा पातेल्यातून पावसानं भिजलेल्या भिंतीचा वास आला आणि पांढरे दाणे हळूहळू पिवळसर झाले. काकू जरा दूरच उभी होती. तोंडावर पदर घेऊन ती पातेल्याकडे साप बघावा तशी बघत होती.

तिसरा दिवस : गोरेगाव

सकाळी उठून पाहिलं तर काकूनं मका धुऊन, निथळून, स्वच्छ टोपल्यात काढून ठेवला होता. दाणे लखलखत होते. कष्ट वाचावेत म्हणून मी आधी थोडा मका गिरणीत नेला. गिरणीवाल्यानं डब्यात हात घातला आणि तो झटकन बाहेर काढला. "ओला हाय ह्यो! जातं बसंल माझं. पाटा हाय ना घरी?" गावभर बातमी गेली होती तर.

मग पाट्यावर बसलो. वैशालीताई, काकू आणि पाळीपाळीनं मी. दोन तासांत एक गोळा तयार झाला. वैशालीताईनं दुधाच्या पिशवीच्या दोन तुकड्यांमध्ये त्याची लिंबाएवढी गोळी दाबली, पातळ चकती केली आणि हातावर घ्यायला गेली. चकतीचे तीन तुकडे झाले.

दुसरी तव्यापर्यंत पोचली आणि तिथे फाटली. पाचवी, सातवी, अकरावी. पाणी वाढवलं, कमी केलं, पुन्हा वाटलं. काहीच नाही. माझ्या तळहाताला फोड आले होते आणि समोर ताटात नुसता चुरा होता. दुसऱ्या दिवशी अकरा वाजता मालक येणार होते.

काकूनं पीठ बोटांत चोळलं. "याला विरीच न्हाई." विरी म्हणजे पिठाचा चिकटपणा. जुन्या ज्वारीची विरी जाते आणि भाकरी थापताना फुटते, हे तिकडच्या प्रत्येक बाईला ठाऊक असतं. "आधण घालून मळू का? ज्वारीला घालतो तसं?"

"न्हाई काकू, याला न्हाई चालत." वैशालीताईचा आवाज पडला होता. मग ती एकदम थांबली. "काकू, तू मका किती पाण्यानं धुतलास?"

"चांगला धुतला की. सात पाण्यानं. चोळून चोळून. एक साल ठेवलं न्हाई."

"सात?" ती ओरडलीच. "अगं, त्याच्यातच तर सगळी विरी असते! दोन पाण्यानं धुवायचा असतो! सगळं वाहून घालवलंस तू!"

काकूनं पिठाचा हात पदराला पुसला. मग हळू म्हणाली, "चुना हाय त्यो, वैशे. पानात जरा जास्ती झाला तर जीभ फाटते. उद्या तुहा मालक खाणार. त्याइचं तोंड पोळलं तर नाव कोणाचं जाईल?"

वैशालीताईनं काकूचा हात आपल्या मांडीवर घेतला.

"माहीच चूक हाय. तिकडच्या म्हातारीनं मला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, दोन पाणी, जास्त न्हाई. मी पुण्यात पोरांना रोज सांगते. घरी सांगायचं मात्र डोक्यात आलं न्हाई. वाटलं, घरात काय शिकवायचं."

"मंग आता शिकव," काकू म्हणाली आणि आढ्याची कणसं काढायला स्टूल घेऊन आली.

दुपारभर दाणे सोलले. संध्याकाळी मका पुन्हा चुन्याच्या पाण्यात चढला. आता भिजायला एकच रात्र होती आणि तिसऱ्या खेपेला वेळ नव्हता. काकू या वेळी पातेल्याजवळ येऊन उभी राहिली आणि दर थोड्या वेळानं दाणा बोटांत धरून बघत होती.

चौथा दिवस : गोरेगाव

दोन पाणी. मी स्वतः मोजली. काकूचा हात तिसऱ्या तांब्याकडे गेला होता, तो तिनं स्वतःच मागे घेतला.

या खेपेला पाट्यावरचं वाटण आधीपासूनच वेगळं होतं. वरवंट्याखालून ते तुटत नव्हतं, सरकत होतं. वैशालीताईनं गोळी दाबली, चकती सोलून हातावर घेतली, तव्यावर टाकली. उलटली. पुन्हा उलटली. कडेला एक फुगवटा आला, तो मध्यावर सरकला आणि अख्खी टॉर्टिया टम्म फुगली. आम्ही तिघं ओरडलो. हळदीच्या पिंपाजवळून काका धावत आले, कोणाला भाजलं म्हणून.

तो वास मी कागदावर आणू शकत नाही. भाजलेल्या कणसाचा, पण त्याहून जुना. पहिली टॉर्टिया आम्ही चौघांनी नुसत्या मिठाशी खाल्ली. काका म्हणाले, "ही मक्याची हाय? मंग आमी इतके दिवस कोंबड्याइले काय खाऊ घालून राहिलो?"

अकराला मालकांची गाडी आली. उतरताच त्यांचे पांढरे बूट हळदीच्या पाण्यात गेले. माणूस मात्र समजदार वाटला. कुरबुर न करता बूट काढून पडवीत मांडी घालून बसला. वैशालीताईनं त्यांना तव्यावरून थेट पानात वाढलं. एकीवर चवळी आणि ठेचा. एकीवर अंबाडी. शेवटी येसर, तीळ आणि काळ्या मिरच्यांचा घट्ट मोले. मालकांनी बोटं चाटली. सहा टॉर्टिया झाल्या.

"ठरलं," ते म्हणाले. "मका इथलाच. वैशाली, तू जिंकलीस."

काकूनं नुसती मान हलवली, तिला माहीतच होतं अशी. तेवढ्यात मालक पुढे म्हणाले, "फक्त मेनूवर आपण वाहाकाचा पारंपरिक मका असं लिहू. चव तीच आहे. लोक मेक्सिको खायला येतात, त्यांना ते नाव हवं असतं."

माझ्याकडे उत्तर तयार होतं, किमान अकरा वाक्यांचं. पण काकूनं विचारलं, "काय म्हणून राहिले ते?"

वैशालीताईनं सांगितलं. काकूनं पदर नीट केला आणि मालकांकडे वळली.

"आमच्याकडं सप्त्याची पंगत बसली ना, की आधी माईकवर सांगतेत, आजचं अन्न कोणाच्या घरचं. नाव पुकारल्याबिगर वाढपी भात हलवत न्हाई. गरिबाचं असलं तरी नाव घेतेत. तुमच्याकडं खाणाऱ्याला सांगतच न्हाईत?"

"आजी, सांगू हो. पण हिंगोलीचं नाव वाचून कोण येणार?"

"तुमी आलात की."

मालक हसले, पण मोकळं हसू आलं नाही. वैशालीताई तव्यासमोरून उठली. तिचा आवाज शांत होता. या जागेसाठी ती किती वर्षं थांबली होती ते मला आता माहीत होतं.

"सर, वाहाकाच्या त्या म्हातारीनं मला सगळं शिकवलं. तिचं शिक्षण आहे, ते मी अभिमानानं सांगीन. पण हा मका तिचा नाही. तिच्या नावानं खोटं विकायला तिनं मला आठ महिने जेवू घातलं नाही. मका न्यायचा तर नावासकट. नाहीतर मुंबईला दुसरं कोणी बघा."

मालकांनी हात धुतले, काकूला नमस्कार केला, "कळवतो," म्हणाले आणि गेले. मी अकरापैकी एकही वाक्य बोललो नाही. गरजच पडली नाही.

पाचवा दिवस : परतीची वाट

हिंगोलीच्या स्टँडवर आम्ही चहा घेत होतो तेव्हा वैशालीताईचा फोन वाजला. मालकांचा निरोप होता, मेनूच्या फोटोसकट. सगळ्यात वर हॉटेलचं नाव, खाली ठळक अक्षरांत तिचं नाव. आणि अगदी तळाला, मुंगीएवढ्या अक्षरांत: मका, गोरेगाव, जिल्हा हिंगोली.

"झालं की!" मी म्हणालो. खरं तर मला त्या मुंगीएवढ्या अक्षरांचा राग आला होता, पण एवढं तरी मिळालं असं मी स्वतःला समजावत होतो. तत्त्वाची माणसं अशीच दमतात.

ती दमली नव्हती. गाडी सुटली तरी ती टाइप करत होती. तिनं मला वाचून दाखवलं: "सर, जेवढं अक्षर माझ्या नावाला, तेवढंच गावाला. दोन्ही नसतील तरी चालेल."

औंढा गेलं. दोन्ही बाजूंना हळदीची काढलेली रानं, ताडपत्र्यांवर पिवळे ढीग. ती खिडकीतून बघत होती की फोनकडे, मला सांगता येणार नाही. मी तिला एवढंच म्हणालो, की एका जेवणाला तुमच्याकडे जी रक्कम घेतात ती मला अजूनही खुपते आणि त्यावर मी पुन्हा लिहीन. ती म्हणाली, "लिहा. पण या वेळी अर्धं चुकवू नका."

जिंतूरच्या अलीकडे उत्तर आलं. एकच शब्द: "बरं."

तिनं लगेच काकूला फोन लावला. गाडीच्या आवाजात ओरडून बोलावं लागत होतं, त्यामुळे आजूबाजूच्या सहा सीटांनीही ती बातमी ऐकली.

"काकू, सर बरं म्हणाले!"

"बरं म्हंजे? व्हय का न्हाई?"

"व्हय! तुह्या मक्याचं नाव मोठ्या अक्षरात येणार!"

"मंग ठिव फोन," काकू म्हणाली. "ऊन चढायच्या आत मला खालचं रान बघून यायचंय. सरीवरचा मका कितीकसा पुरंल?"